घंगाळाचा हुंकार

मानवजातीच्या इतिहासात दोन जगांमधला भूकंप आवाजाने शांत करण्याचा पहिला मान सांगलीच्या समाधान सोसायटीला मिळत आहे, आणि या घटनेपुढे अग्नीचा शोधसुद्धा हरवलेली काडेपेटी सापडण्याइतका किरकोळ ठरेल, असं महामंडळाच्या पत्रकात छापलं होतं. ते पत्रक आमच्या घरी आलं तेव्हा कुमुदने ते जेवणाच्या टेबलावर पसरलं आणि त्यावर मेथी निवडली. टेबल तोवर बरंच लांबलं होतं. त्यामुळे निवडलेली मेथी माझ्यापर्यंत यायला संध्याकाळ झाली.

दुसरं जग आमच्या जेवणघरात सुरू होतं, फ्रीजच्या थोडं पुढे. तिथे फरशीचा रंग बदलतो. आम्ही घर घेतलं तेव्हाच ते माझ्या लक्षात आलं होतं, पण मला वाटलं बिल्डरला फरशा कमी पडल्या. कुमुदची खुर्ची पलीकडच्या फरशीवर आणि माझी अलीकडच्या, अशी आमची लग्नापासूनची बसायची सवय. म्हणजे डावी-उजवी सवय लग्नापासूनची, फरशी नंतरची.

पहिला धक्का बसला तेव्हा आम्ही दुपारचं जेवत होतो. भांडी वाजली नाहीत, पंखा हलला नाही. आमच्या दोघांमधलं टेबल, कुणी पोळी लाटावी तसं, हळूहळू लांबत गेलं. मी लोणचं मागितलं होतं. कुमुदने हात पुढे केला आणि तो पोचेना.

"जरा सरका की पुढे," ती म्हणाली.

मी सरकलो. टेबलही सरकलं. शेवटी तिने बरणी माझ्या दिशेने ढकलली. बरणी येताना मला स्वच्छ दिसत होती, आणि ती येतच राहिली.

धक्का थांबला तेव्हा टेबलावर एक पितळी घंगाळ होतं. जुन्या न्हाणीघरात आंघोळीच्या पाण्याचं असायचं तसलंच, दोन बाजूंना कड्या असलेलं, फक्त आत एक माणूस मांडी घालून बसेल एवढं मोठं. त्यात काठोकाठ शिरा होता. रंग निळा होता एवढं सोडलं, तर त्या शिऱ्याला नावं ठेवायला जागा नव्हती. वेलदोडा बेताचा, तूप सढळ.

"कुणी पाठवला?" मी विचारलं.

"शेजारून आला असेल," कुमुद म्हणाली.

अख्ख्या सोसायटीने तो खाल्ला. कुणाचं पोट दुखलं नाही. आमचे सेक्रेटरी आवटी अण्णा दोनदा येऊन गेले, दुसऱ्यांदा डबा घेऊन. मग आम्ही घंगाळ चिंच लावून घासलं आणि पालथं घातलं. शेजारचं भांडं रिकामं परत करायचं नसतं, हे आमच्याकडे कुणाला शिकवावं लागत नाही. त्यात काय घालून द्यावं याचा कुमुद विचार करत होती. चिवडा घालावा तर पोह्यांचं पोतं लागेल. वड्या कराव्यात तर नारळाचं झाड विकत घ्यावं लागेल. काहीतरी शोभेलसं सुचू दे, मग देऊ, असं ती म्हणत होती, आणि तिला सुचायच्या आत महामंडळ आलं.

महामंडळ म्हणजे आंतरजागतिक कंपशमन महामंडळ. त्यांच्याकडून बेडकिहाळ मॅडम आल्या. वयाने लहान, चष्मा मोठा, आणि खांद्याला एक पितळी कर्णा. तो कर्णा भिंतीला लावून त्या ऐकायच्या आणि मधूनच मान डोलवायच्या. आमच्या भिंतीत मान डोलवण्यासारखं काही असेल असं मला कधी वाटलं नव्हतं. जाता जाता त्यांच्या हातातला पळीएवढा हातोडा घंगाळाला लागला.

घंगाळ म्हणालं, "हं."

फ्रीजची घरघर थांबली. भिंतीवरचं घड्याळ थांबून पुन्हा सुरू झालं. टेबल, आम्ही सगळ्यांनी पाहिलं, वीतभर आखडलं. बेडकिहाळ मॅडम फरशीवर बसल्या आणि आनंदाने त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

"काका," त्या म्हणाल्या, "हेच ते. आम्ही सगळीकडे शोधत होतो."

त्यांनी आम्हाला समजावून सांगितलं ते असं. दोन जगांमधला भूकंप म्हणजे काही आदळआपट नसते. समोरचं जग आपल्याला काहीतरी सांगत असतं. ते थोडं सांगतं आणि थांबतं. आपण हुंकार दिला की पुढे सांगतं.

"आणि नाही दिला तर?"

"लहानपणी तुम्हाला गोष्ट सांगताना तुम्ही हुंकार दिला नाहीत तर काय व्हायचं?"

"झोपलास का रे, असं विचारायचे. आणि नाही म्हटलं की पुन्हा पहिल्यापासून."

"तेच," मॅडम म्हणाल्या. "प्रत्येक वेळी पहिल्यापासून. आणि प्रत्येक वेळी जरा मोठ्याने."

मला हे इतकं पटलं की मी तिथल्या तिथे हुंकार दिला.

मग काम सुरू झालं. फरशीचा रंग बदलतो त्या रेषेवर सिमेंटचा ओटा बांधला. घंगाळाच्या तळाला चार भोकं पाडून ते बोल्टने ओट्याला जखडलं. काठावरून चामडं गुंडाळलेलं एक मुसळ मोटारीने गोल फिरायचं, आणि फिरलं की घंगाळातून हुंकार निघायचा. कर्ण्यातून समोरच्या जगाचं थांबणं ऐकू आलं की मॅडमनी बटण दाबायचं, एवढं सोपं यंत्र. घंगाळाच्या काठाखाली ठिपक्याठिपक्यांनी काहीतरी कोरलेलं होतं. मॅडमनी त्यावर कागद ठेवून पेन्सिलीने छाप काढली आणि ही तरंगांची लिपी आहे, असं जाहीर केलं.

"नाव घातलं असेल हो," मी म्हटलं. "लग्नातल्या भांड्यांवर घालतात तसं."

सगळे हसले. विनोद बरा झाला होता म्हणून मीही हसलो.

हे सगळं होईपर्यंत धक्के बसतच होते, आणि दर धक्क्याला टेबल लांबत होतं. कुमुद आता टेबलाच्या टोकाला मोहरीएवढी दिसायची. ती चालत परत का येत नाही, असं सोसायटीतल्या बऱ्याच जणांनी मला विचारलं. ती आली होती. एक अख्खी दुपार ती माझ्याकडे चालत होती, पदर खोचून, हात हलवत. ती जेवढी चालायची तेवढी फरशी तिच्यापुढे उगवायची. शेवटी दमली आणि मागे वळून पाहते तो खुर्ची तिथेच, पाठीशी. मग बसली.

तिचं ताट आवटी अण्णा लुनावरून पोचवायचे. फ्रीजच्या बाजूने लुना जेवणघरात घालायची आणि टेबलाच्या कडेकडेने सरळ जायचं.

"तात्या, वहिनींनी आमटीत मीठ कमी हाय म्हणून सांगितलंय," परत आल्यावर ते म्हणाले.

"बाकी कशी आहे?"

"बाकी बरी हाय आमटी."

"अहो, कुमुद कशी आहे?"

अण्णांनी लुना स्टँडवर लावली. त्यांच्या उजव्या कानाची पाळी कागदासारखी पातळ झाली होती आणि पंख्याच्या वाऱ्याने फडफडत होती. "वहिनी समोरनं तशाच दिसत्यात," ते म्हणाले. "पण पाणी प्यायला कडेला वळल्या, आणि दिसंनातच बघा."

मी टेबलाला कान लावला. कुमुदचं बोलणं आता हवेतून यायचं बंद झालं होतं, लाकडातून यायचं.

"अगं, तू पातळ झालीस म्हणतात."

बऱ्याच वेळाने उत्तर आलं. "डॉक्टर वजन कमी करा म्हणतच होते."

"थट्टा पुरे."

"तुम्ही सांगताय, थट्टा पुरे म्हणून?" आणि मग, "अहो, पलीकडे कुणीतरी बोलत असतं. बाई आहे. शब्द अजून कळत नाहीत, पण काहीतरी मनाला लागलंय तिच्या, एवढं कळतं. आपल्या पलूसच्या आत्याबाई बोलायच्या ना, तसा सूर आहे. मला बरं वाटतं ऐकायला. तुमची आठवण येते, ते वेगळं."

मी टेबलावरून कान काढला नाही. लाकूड त्या जागी उबदार होतं.

यंत्राची पहिली चाचणी एका मंगळवारी झाली. सोसायटीतले सगळे जेवणघरात आले होते. येताना बसायला आपापली सतरंजी घेऊन. धक्का सुरू झाला. समोरचं जग बोललं, थांबलं. मॅडमनी बटण दाबलं. घंगाळ म्हणालं, "हं." समोरचं जग पुढे बोललं. थांबलं. "हं." टेबल टेपपट्टी गुंडाळावी तसं सरसर आत येऊ लागलं. बायकांनी टाळ्या वाजवल्या. कुमुद मोहरीची वाटाण्याएवढी झाली, वाटाण्याची लिंबाएवढी. मी उभा राहिलो होतो. मला तिच्या साडीचा रंग दिसला.

आणि वीज गेली.

मुसळ थांबलं. समोरचं जग थांबलेलं होतं, ते वाट पाहत थांबलं. मग, आमच्यातल्या प्रत्येकाला पायांच्या तळव्यांतून जाणवलं, त्याने सुस्कारा सोडला आणि पहिल्यापासून सुरू केलं. टेबल सुटलं. लुनाची पेट्रोलची टाकी जाण्यापुरतीच पुरेल एवढं लांब गेलं. कुमुद दिसेनाशी झाली.

मॅडमनी कर्णा बराच वेळ भिंतीला लावून ठेवला. मग चष्मा काढून पुसला.

"काका, काकूंची जाडी आता एका पापडाएवढी उरलीय," त्या म्हणाल्या. "आणखी एकदा पहिल्यापासून सुरू झालं, तर त्या इकडच्या राहणार नाहीत."

"तिकडच्या होतील?"

"तिकडे सगळे तेवढ्याच जाडीचे असतात. त्यांना काही वाटणार नाही. आपल्याला वाटेल."

मी टेबलाला कान लावला आणि हे सगळं कुमुदला सांगितलं. उत्तर यायला इतका वेळ लागला की मी मध्ये चहा केला, दोन कप, आणि दुसरा कप कुणाचा ते आठवून तोही टेबलावर ठेवला.

"मग या वेळी नीट करा," लाकडातून आवाज आला.

आवटी अण्णांनी मंगल कार्यालयातून जनरेटर आणला. त्याच्या तिसऱ्या दिवशी सकाळी, लोकांच्या आंघोळी व्हायच्या आत, धक्का आला. जो तो होता तसा धावत आला. कुणी दाढीचा साबण लावलेला, कुणाच्या हातात दुधाची पिशवी. मॅडम बटणापाशी. अण्णा जनरेटरपाशी. मी टेबलापाशी, उजवा कान लाकडाला लावून.

समोरचं जग बोललं. थांबलं.

"हं," घंगाळ म्हणालं.

मला इतकं मोठं काही पुन्हा ऐकायला मिळेल असं वाटत नाही. समोरचं जग बोलत होतं आणि आमची फरशी त्याच्या शब्दाशब्दाला उचलून खाली बसत होती. शब्द कळत नव्हते. पण कुणीतरी आधी खूप सोसलंय, कुणाकडे बोललं नाही, आता बोलतंय, हे चौथीतल्या मुलालाही कळावं असं ते बोलणं होतं. प्रत्येक थांब्याला घंगाळ हुंकार देत होतं, आणि प्रत्येक हुंकाराला टेबल आत येत होतं. कुमुदसाठी ठेवलेल्या कपातला चहा डुचमळला. आवटी अण्णांच्या कानाची पाळी फुगून जाड झाली. लोकांनी एकमेकांचे हात धरले. खालच्या मजल्यावरचे आणि वरच्या मजल्यावरचे, ज्यांचं गळतीवरून बोलणं बंद होतं, त्यांनीही धरले.

मग टेबलावरून घरघरत काहीतरी आलं आणि माझ्या कपाळाला थडकलं. लोणच्याची बरणी होती. पहिल्या धक्क्याच्या दुपारी निघालेली.

मी मान वर केली. कुमुद चार पावलांवर होती. उभी होती. पुठ्ठ्यावर काढलेल्या चित्रासारखी सपाट, पण तिच्या कपाळावरचा घाम मला दिसत होता. आमच्यात आता घंगाळ आणि दोन-चार खुर्च्यांएवढं टेबल उरलं होतं.

समोरचं जग थांबलं.

"हं," घंगाळ म्हणालं.

समोरचं जग काही बोललं नाही.

मॅडमनी पुन्हा बटण दाबलं. "हं." आणि पुन्हा. काहीच नाही. टेबलाची कड माझ्या बोटांखाली थरथरू लागली, सुटायच्या आधी लगाम थरथरतो तशी.

"थांबलंय," मॅडम म्हणाल्या. त्यांचा आवाज बदलला होता. "हुंकार दिला तरी पुढे जात नाही. असं व्हायला नको."

गोष्ट सांगणारा एका ठिकाणी मुद्दाम थांबतो. सगळी गोष्ट त्याने त्या एका ठिकाणासाठीच रचत आणलेली असते. तिथे नुसता हुंकार चालत नाही. जन्मभर लोकांना किस्से सांगून मी जेवलो आहे, मला ती जागा अंधारातसुद्धा कळते. मी टेबलावर वाकलो, तोंड लाकडाजवळ नेलं आणि म्हणालो, "मग?"

सबंध सोसायटी एकदा वर गेली आणि अलगद खाली आली.

मग शांतता पसरली. जनरेटर चालू होता, पण त्याचाही आवाज येत नव्हता. कुमुदने मान तिरपी केली, मागे कुणी बोलत असल्यासारखी. आता ती तिरपी झाली तरी दिसत होती, एका रेघेएवढी.

"थांबा," ती म्हणाली. "मला कळायला लागलंय. आता ती मागणं सांगतेय."

"काय मागणं?" मॅडमनी विचारलं. त्यांनी वही-पेन्सिल काढली, आणि लिहिण्याआधी केस नीट केले.

कुमुद ऐकत राहिली. तिचा चेहरा, माहेरच्या लोकांसमोर मी काही बोललो की व्हायचा, तसा झाला.

"वाटी," ती म्हणाली.

"कसली वाटी?"

"ती म्हणतेय, नवीन शेजार म्हणून हौसेने वाटीभर शिरा पाठवला. इतके दिवस झाले, वाटी आली नाही. मागायला बरं दिसत नाही म्हणून गप्प बसले. पण सहाच्या सेटमधली आहे. आईने दिलेली. वर नाव घातलंय."

सगळ्यांनी घंगाळाकडे पाहिलं. ते सिमेंटच्या ओट्यात चार बोल्टवर उभं होतं आणि त्याच्या काठावर मुसळ टेकलेलं होतं. बेडकिहाळ मॅडमनी ठिपक्यांच्या लिपीवरून एकदा बोट फिरवलं आणि बोट मागे घेतलं.

"ती म्हणतेय," कुमुदने पुढे सांगितलं, आणि तिचा आवाज अगदी खाली आला, "रिकामी दिलीत तरी चालेल."

हे ऐकून बायकांच्या घोळक्यातून असा काही निःश्वास निघाला की तो बहुधा पलीकडेही ऐकू गेला असावा.

"द्यायला पाहिजे," मी म्हटलं.

"काका, घंगाळ काढलं तर हुंकार कशाने देणार?" मॅडम म्हणाल्या. "आणि नाही काढलं तर ते पुन्हा पहिल्यापासून. ऐका, आत्ताच थांबलंय. ऐका."

टेबलाची कड पुन्हा थरथरू लागली होती.

अण्णांनी कुणाला विचारलं नाही. लुनाच्या डिकीतला पाना काढला आणि ते ओट्यापाशी उकिडवे बसले. "तोंडानं द्या," ते म्हणाले. "समद्यांनी. मी खोलतो तवर."

आणि आम्ही दिला. दाढीचा साबण लावलेल्यांनी दिला, दुधाच्या पिशवीवाल्यांनी दिला, बेडकिहाळ मॅडमनी डोळे मिटून दिला. अख्खी समाधान सोसायटी हातात हात धरून आमच्या जेवणघरात उभी राहून "हं" म्हणत होती, एकाचा श्वास संपायच्या आत दुसऱ्याचा सुरू. टेबल सुटलं नाही. आखडलंही नाही. अण्णा घामाघूम होऊन पाना फिरवत होते आणि स्वतःही हुंकार देत होते. पहिला बोल्ट निघाला. दुसरा निघाला. तिसरा गंजला होता. घंगाळ एका बाजूने उचललं गेलं आणि त्याच्या तळाच्या भोकांतून पलीकडचा उजेड आमच्या फरशीवर पडला. निळा होता.

त्या उजेडात कुमुदने हात पुढे केला. पापडाएवढा हात, सपाट, तळवा वर. तो फरशीच्या रेषेवरून अलीकडे आला. बोटांची टोकं माझ्यापासून वीतभर राहिली. मी माझा हात पुढे केला. तिने मान हलवली.

"रिकामी कशी द्यायची?" ती म्हणाली. "ती चालेल म्हणाली म्हणून? अण्णा, घरात काय आहे तुमच्या?"

अण्णा चौथ्या बोल्टवर होते. त्यांना बोलता येणं शक्यच नव्हतं. "हं," ते म्हणाले.

ती माझ्याकडे वळली. मीही तेच म्हणालो.

"नुसतं हं काय?" कुमुद म्हणाली. "साखर भोकांतून गळेल. कुणाकडे गुळाची ढेप आहे का बघा जरा."